मटणाचं पातेलं

मी मटणाचं पातेलं बोलतंय. मटणाचं, दुधाचं नव्हे! आधीच सांगितलेलं बरं, कारण आमच्या ज्यू घरात दूध आणि मटण एका भांड्यात कधीच शिजत नाही. दोन्हींची भांडी वेगळी, फडताळं वेगळी, घासण्यासुद्धा वेगळ्या.

तांबटाच्या हातोडीखाली मी घडलं आणि सासूबाईंना त्यांच्या आईकडून मिळालं. शब्बाथचा, म्हणजे शनिवारच्या आमच्या पवित्र सुट्टीचा रस्सा दर शुक्रवारी माझ्यातच शिजायचा. सासूबाईंचा दरारा असा, की स्वयंपाकघरात माशीसुद्धा विचारून शिरायची.

एका गुरुवारी सुनेचं लेकरू तापाने फणफणलं. सासूबाई औषध आणायला गेल्या होत्या. पोर रडून रडून काळंनिळं झालेलं. घाबरलेल्या सुनेने हाताला लागलं ते भांडं उचललं आणि दूध उकळलं.

ते भांडं मी होतं.

दूध उतू जाताना तिच्या लक्षात आलं. माझं तर तांबं थिजलं! तिने मला घासघास घासलं, जागेवर ठेवलं, पण सासूबाईंना काही सांगितलं नाही.

शुक्रवारी सासूबाईंनी मला स्टोव्हवर चढवलं. पाहुणे यायचे होते. सून दारात नखं कुरतडत उभी. सासूबाईंनी मटणाची परात उचलली.

"आई, थांबा! काल मी त्यात दूध तापवलं."

सासूबाईंचा हात तिथेच थांबला.

"नुसतं कोमट केलंस, की उकळलंस?"

"उकळलं."

सुनेला रडू फुटलं; वाटलं, आता माहेरची वाट. मला वाटलं, आता भंगार.

"पोराने प्यायलं ना?" सासूबाईंनी विचारलं.

"प्यायलं."

"मग रडतेस कशाला? मातीचं असतं तर टाकून दिलं असतं, मातीत मुरलेलं निघत नाही. हे तांब्याचं आहे. शब्बाथ उलटला की शुद्ध करू. आज पाहुण्यांना अंडी-बटाटे."

रविवारी मला काठोकाठ पाणी भरून उकळलं. सुनेने चिमट्यातला तापलेला दगड आत सोडला. पाणी उसळून माझ्या काठांवरून चहूकडे वाहिलं, म्हणजे काठही शुद्ध झाले. मी तडकणार, असंच वाटलं. तडकलं नाही.

ती सून आता आजी झालीय. तिची नात आज हट्ट धरून बसलीय, "आजी, रस्सा शिकव. याच पातेल्यात!"

"कल्हई गेलीय गं त्याची."

"एकदा केल्याने काय होतंय?"

आजीचा जीव विरघळतोय, आणि माझा भीतीने गोळा होतोय. आतलं तांबं उघडं पडलंय. त्यात आंबट रस्सा शिजला, तर विष उतरेल. अहो, कुणीतरी आधी कल्हईवाला शोधा! नाही मिळाला, तर मला खुशाल माळ्यावर टाका. पण या पोरीचा पहिला घास माझ्यातून वाढू नका.