मोबाइलमधली देवी आणि वेशीवरचा वीरगळ

पातूरपलीकडच्या पिंपळडोहच्या वेशीवर त्या रविवारी पाय ठेवायला जागा नव्हती. गर्दीतला प्रत्येक मोबाइल झिजलेल्या जुन्या शिळेकडे रोखलेला होता. गावात आलेल्या एका महाराजांनी पाठवलेलं अ‍ॅप उघडायचं, फोटो काढायचा. पडदा क्षणभर धूसर व्हायचा आणि दगडातून देवीचा चेहरा वर यायचा. टपोरे डोळे, नथ, मंद हसू. बाया पदराने डोळे पुसत होत्या.

"डोळ्यांनी पाहाल तर दगड, श्रद्धेने पाहाल तर देवी," दिव्यचक्षू महाराज माइकवर घोळवून सांगत होते. "नेटवर्क जाईल, मातेचा सिग्नल जाणार नाही." हेच महाराज काही वर्षांपूर्वी अमरावतीत लग्नाचे फोटो सजवून द्यायचे, हे कुणाला आठवायचंच नव्हतं.

नीलम मात्र चडफडत होती. ती अकोल्याच्या शाळेत चित्रकला शिकवायची, कलेच्या इतिहासात एम.ए. झालेली. मावशीच्या गावातली ही शिळा म्हणजे वीरगळ, लढाईत पडलेल्या कुणा योद्ध्याच्या आठवणीचा दगड, हे तिला पक्कं ठाऊक होतं. आता त्यावर तेलाचे ओघळ होते, आणि पाथरवट जानरावकाकांची छिन्नी एका कोपऱ्यात चालूही झाली होती. मोबाइलमधला चेहरा त्यांनी दगडात उतरवायचा होता. नीलमने सरपंचांना सांगून पाहिलं, बायांना समजावून पाहिलं. कुणी ऐकेना. शालूमावशीने तर तिलाच झापलं.

"मशीनले काय जातधरम अस्ते का? ते कावून खोटं बोलन?"

नीलमने मावशीच्या शिदोरीतली भाकरी काढली, ओट्यावर ठेवली आणि मावशीच्याच मोबाइलवर, त्याच अ‍ॅपने, भाकरीचा फोटो काढला. पडदा धूसर झाला. भाकरीच्या काळ्या डागांतून तेच टपोरे डोळे, तीच नथ, तेच हसू वर आलं. मग कुणी पाण्याच्या टाकीचा फोटो काढला, कुणी पोपडे आलेल्या भिंतीचा. सगळीकडे तीच देवी.

नीलमने सांगितलं की या अ‍ॅपला देवीची असंख्य चित्रं दाखवून शिकवलेलं आहे. खडबडीत, डागाळलेलं काहीही समोर धरा, ते शिकलेला चेहरा त्यात बसवतं. दगडावरचं पुसलेलं ते शोधत नाही, आपल्या पदरचं भरतं.

आता तरी कळेल, असं तिला वाटलं. पण दोन बायांनी भाकरीलाच हात जोडले. "माता सर्वव्यापी आहे," महाराज म्हणाले, आणि टाळ्या पडल्या.

नीलम सरळ जानरावकाकांसमोर जाऊन उभी राहिली.

"काका, देवी भाकरीत हाय, टाकीत हाय, भिंतीतबी हाय. मंग तुमी हाच दगड कावून फोडून राहिले?"

छिन्नी थांबली. नीलमने तेल पुसलं, शिळेवर ताडपत्री ओढून अंधार केला आणि काकांना आत बोलावलं. समोरून नव्हे, बाजूने, दगडाला चिकटवून बॅटरी धरली. आडव्या उजेडात उथळ रेघांनाही सावल्या पडतात. उगारलेली तलवार दिसली, ढाल दिसली, घोड्याचे उचललेले पाय दिसले. घोड्याच्या मानेपुढे मात्र ताजी, पांढरी खोक होती.

काकांनी त्या खोकेवरून बोट फिरवलं. "हे तं मीच उडोलं," एवढंच ते म्हणाले.

मग ताडपत्रीखाली एकेक जण वाकून पाहून आला. महाराजांची गाडी तेवढ्यात निघून गेली. अ‍ॅप निम्म्या गावाने काढून टाकलं, निम्म्यांच्या मोबाइलवर ते अजून आहे, आणि नीलमचा संताप त्यामुळेच शमत नाही.

त्या घोड्याचं डोकं आता परत येणार नाही. अ‍ॅपला मागितलं तर ते चटकन देईल, पण ते या दगडावरचं नसेल. पडद्यावर दिसतं ते आलं कुठून, एवढं तरी विचारा. आणि उत्तर मिळेपर्यंत छिन्नी खाली ठेवा.