पाचव्या मजल्यावरचा क्नेडलिक

स्नेहलतावहिनींनी माझ्याकडे कोंबडी मागितली, तेव्हा माझ्या नवऱ्याला, हरीशला, पुण्याला परत पाठवायचं ठरून एक आठवडा झाला होता.

जपानमधल्या निशी-कसाईतल्या त्या इमारतीत आम्ही दुसऱ्या मजल्यावर राहत होतो आणि वहिनी पाचव्या. त्यांचे यजमान जयप्रकाशराव हरीशचे मॅनेजर, म्हणजे ऑफिसात जयप्रकाश-सान. एका कुरियर कंपनीच्या ट्रकांचे मार्ग ठरवणारं सॉफ्टवेअर हरीशने आठ महिने खपून लिहिलं. कंपनीला ते दाखवलं गेलं तेव्हा पहिल्या पानावर नाव होतं जयप्रकाशरावांचं. हरीश आत कुठेतरी ‘टेस्टिंग सपोर्ट’ म्हणून होता. मार्चअखेर टेस्टिंग संपणार, तेव्हा सपोर्टने मायदेशी जायचं.

यावर हरीशने काय केलं? घरी आला, प्लॅस्टिकचा कचरा वेगळा केला आणि म्हणाला, “जाऊ दे गं.”

त्याच्या घराण्यात तीन पिढ्या ‘जाऊ दे’ म्हणत आल्या आहेत. माझ्या माहेरी शेजाऱ्याने तोडलेला पेरू चाळीस वर्षं लक्षात ठेवतात.

“अगं अरुणा, शनिवारी दुशेक-सान जेवायला येतायत,” वहिनी दारातच म्हणाल्या. दुशेक हा त्या कुरियर कंपनीचा तांत्रिक प्रमुख. पुढच्या टप्प्यात कोण राहणार, हे त्याच्या हातात. “चेक माणूस आहे ना तो. तू ते करतेस बघ, लालसर रश्श्यातली कोंबडी आणि पांढरे गोळे.”

“गोळे नाही, वहिनी. लोड असतो. क्नेडलिक म्हणतात.”

“तेच ते. करून दे ना. मी केलं म्हणून सांगेन, चालेल ना? यजमानीण म्हणून तेवढंच बरं दिसतं. तुम्हा दोघांनाही बोलावलं असतं गं, पण टेबल पडलं चार जणांचं.”

जेवणारे तीन होते. मी मनात मोजले आणि म्हटलं, “चालेल की.”

दुसऱ्याच्या कामावर आपलं नाव घालायची सवय नवरा-बायको दोघांनाही होती. एवढं एकमत फार थोड्या संसारांत असतं.

जपानच्या आधी आम्ही दोन वर्षं चेक देशात, ब्रनोला होतो. हरीश तिथल्या ऑफिसात, आणि मी घरमालकीण व्लास्ताबाईंच्या स्वयंपाकघरात. कांदा लोण्यावर किती परतायचा, पाप्रिका, म्हणजे त्यांचं गोडसर लाल तिखट, घातली की भांडं लगेच आचेवरून का उतरवायचं, सगळं त्यांनी मला हाताला चापट्या मारून शिकवलं. शनिवारी सकाळपासून मी तेच केलं. कोंबडीच्या तंगड्या मंद शिजवल्या, रस गाळून त्यात क्रीम घातलं. मैद्यात थोडा रवा, यीस्ट, दूध, अंडं आणि शिळ्या पावाचे तुकडे घालून दोन लोड वळले, फुगू दिले, उकळत्या पाण्यात सोडले. बाहेर काढल्याबरोबर सुईने टोचले, नाहीतर ते आत बसतात.

मीठ दुप्पट घालावं, असं मनात येऊन गेलं. पण ते कोणालाही जमलं असतं. मी स्वयंपाक अव्वल केला आणि संध्याकाळी वर नेऊन दिला.

सांगितली नाही ती एकच गोष्ट. क्नेडलिकला सुरी लावत नाहीत. सुरीखाली तो चेपतो आणि पात्याला चिकटतो. खालून दोरा घ्यायचा, वर दोन्ही टोकांची अढी घालायची आणि ओढायचं. चकती अलगद सुटते. वहिनींनी विचारलं असतं तर सांगणार होते. पण विचारायचं म्हणजे आपल्याला येत नाही हे कबूल करणं आलं, आणि त्या घरात ते चालत नव्हतं.

साडेसातला फोन वाजला. आवाज घुमत होता, कारण वहिनी न्हाणीघरातून बोलत होत्या. जपानी घरात स्वयंपाकघर आणि जेवणाचं टेबल एकाच खोलीत, तेव्हा गुपितं बोलायला दुसरी जागा नसते.

“अगं, एका लोडाचा चिखल झाला! सुरीने कापला तर पार लगदा! मग मी त्याचे तुकडे करून मोहरी-कढीपत्त्याची फोडणी दिली, कोथिंबीरवडीसारखी. पाहुणा नुसता बघतोय गं! दुसरा कसा कापू?”

“आले,” मी म्हटलं आणि शिवणाच्या डब्यातलं रीळ उचललं.

वहिनींनी दार चार बोटं उघडलं. “लोड इथेच आणते,” त्या कुजबुजल्या. “चपलांच्या कपाटावर काप आणि जा.”

मी चपला काढल्या, टोकं दाराकडे करून नीट लावल्या, आणि घरात पाऊल टाकताना जपानी माणूस म्हणतो ते खणखणीत आवाजात म्हटलं, “ओजामाशिमास!”

आत टेबलावर तीन ताटं आणि फोडणी दिलेल्या लगद्याचा ढीग होता. जयप्रकाशराव हसत होते, ते मला बघून थांबले. मी ओट्याशी गेले, दुसऱ्या लोडाखाली दोरा घातला, अढी दिली, ओढला. एक चकती. दुसरी. तिसरी.

दुशेक खुर्चीतून उठलाच. चेकमध्ये त्याने विचारलं, कोणी शिकवलं? मी माझ्या मोडक्या चेकमध्ये व्लास्ताबाईंचं नाव आणि गल्ली सांगितली. त्याची आजी तिथून दोन गल्ल्या पलीकडे राहायची.

“म्हणजे हे तुम्ही केलंत?” आता तो इंग्रजीत बोलत होता, सगळ्यांना कळेल असं.

“कोंबडी आणि लोड माझे. फोडणी वहिनींची,” मी म्हटलं. “ज्याचं श्रेय त्याला.”

वहिनींनी पदर सारखा केला. तो सारखाच होता.

“पण ब्रनोला तुम्ही कशा?”

“नवऱ्याबरोबर. ट्रकांच्या मार्गांचं काम त्याने तिथेच सुरू केलं होतं. पुढे इथे पूर्ण केलं. हरीश.”

“हरीश? तो टेस्टिंगला आहे ना?”

लगेच जयप्रकाशराव म्हणाले, “बेसिकली, टीम एफर्ट आहे.”

“छान,” दुशेक म्हणाला. “मग टीममधल्या कोणीतरी मला सांगा. बर्फ पडून पूल बंद झाला की वाटेतल्या ट्रकांचं काय होतं? महिनाभर विचारतोय.”

“बेसिकली,” जयप्रकाशराव म्हणाले, आणि त्यांनी पाण्याचा पेला जवळ ओढला.

“बोलावू का त्याला?” मी विचारलं. “खालीच आहे. भांडी घासतोय.”

हरीश ओल्या हातांनी आला. प्रश्न ऐकला, आणि आधी जयप्रकाशरावांकडे बघितलं. मला वाटलं, आता हा माणूस ‘जाऊ दे’ म्हणणार आणि माझी कोंबडी फुकट जाणार. पण प्रश्न त्याच्या आवडीचा होता. त्याने कागदी रुमाल ओढला, जयप्रकाशरावांकडे पेन मागितलं आणि पूल काढला. मग नदी, मग अकरा ट्रक. रुमाल पुरेना, तेव्हा वहिनींनी आणखी दिले. दुशेक मध्येमध्ये विचारत होता आणि हरीश सांगत होता. मार्चअखेरचं तिकीट मला तिथेच फाटताना दिसलं.

“सोमवारी हे सगळ्यांसमोर सांग,” दुशेक त्याला म्हणाला. “पहिल्या पानावर तुझं नाव घालून.”

जयप्रकाशरावांच्या ताटात सगळं तसंच होतं. मी चौथ्या खुर्चीवर बसले, त्यांच्यापुढे दोन चकत्या ठेवल्या आणि वरून रस्सा ओतला.

“नको, अरुणा, बास. खरंच नको,” ते म्हणाले.

“असं कसं, जयप्रकाशराव? तुमच्याकडचंच जेवण आहे,” मी म्हटलं, आणि आग्रह करकरून त्यांना तिसरी वाढली.