खाटेपाशी दिलेला शब्द

‘मयत सुलेमान मिस्त्री यांचे संपूर्ण कर्ज त्यांचा मुलगा मोफिझुल याने जनाज्याच्या वेळी, साक्षीदारांसमक्ष, स्वखुशीने स्वीकारले आहे, सबब त्याची होडी जप्त करण्यात येत आहे.’

पतसंस्थेची ही नोटीस मशिदीच्या भिंतीवर, नेमकी माझ्या उशाशी डकवली गेली. मित्रांनो, मी एक जुनी लाकडी खाट आहे. बांगलादेशातल्या बोरिशालकडच्या या नदीकाठच्या गावातील मृतांना मी कबरस्तानापर्यंत पोहोचवते. नोटिशीतील ‘स्वखुशीने’ या शब्दापाशी मी अडले. माझ्याशेजारी उभा राहून स्वखुशीने काही बोललेला माणूस मी अद्याप पाहिलेला नाही.

मला सुलेमाननेच घडवले. तो होड्यांचा सुतार. म्हणून माझ्या कडाही होडीसारख्या किंचित बाकदार आहेत. मी नवी होते तेव्हा लोक माझ्या घडणीची तारीफ करत आणि लगेच तोबा म्हणत. आता एका पायाला वाळवी लागली आहे. गरज पडली की माझी धूळ झटकतात, एरवी कोणी पाहत नाही. थकले आहे. सुलेमानलाही मीच नेले.

आमच्याकडे जनाज्याच्या नमाजाआधी थोरला मुलगा माझ्यापाशी उभा राहतो आणि म्हणतो, “अब्बांकडे कुणाचं काही येणं असेल तर मला सांगा. मी फेडीन.” बहुतेक लोक तिथल्या तिथे माफ करतात. शोकाला सभ्यता देणारी ही प्रथा. पतसंस्थेचे चिटणीस तोराब मातब्बर यांनी तिचा करारनामा केला.

कायदा मात्र साधा आहे. वारस बांधील असतो तो मिळालेल्या वारशापुरता. सुलेमानमागे एक करवत आणि एक तासणी उरली. मोफिझुलने स्वतःच्या कमाईतून घेतलेली होडी वारशात येत नाही. बाकीचे देणे जामीनदाराचे. जामीनदार होते मातब्बरांचे मेहुणे. नोटिशीत त्यांचा उल्लेख नाही. इतके नीटनेटके विस्मरण मी मेलेल्यांतही पाहिले नाही.

शुक्रवारी मशिदीच्या अंगणात पंच बसले.

“चाचा, होडी गेली तर मी खाऊ काय?” मोफिझुल म्हणाला.

“बापाच्या मय्यतीवर दिलेला शब्द फिरवतोस, बाबा?” मातब्बर म्हणाले.

फाटकाबाहेरून सुलेमानची बायको रोकेया बोलली, “खांदा द्यायला तुम्ही दिसला नाहीत, मातब्बर. शब्द झेलायला मात्र पहिल्या रांगेत होतात.”

कोणीतरी आपले हसू खोकल्यात लपवले. इमामांनी शांतपणे विचारले, “तोराबमियां, आधी जामीनदाराकडे का नाही गेलात?”

मित्रांनो, माझा पाय दुरुस्त केला नाहीत तरी चालेल; माझ्यापाशी रडत उभ्या असलेल्या माणसाचा शब्द तेवढा जपून ठेवा, वसूल करू नका. होडी त्याच संध्याकाळी सुटली. ज्या उत्तराने सुटली, ते मातब्बरांचेच, जसेच्या तसे देते:

“मेहुण्याकडं गेलो असतो तर घरात भांडण झालं असतं. म्हणून पोराकडं गेलो. तो नाही म्हणणार नाही, हे ठाऊक होतं मला. खाटेपाशी कुणीच नाही म्हणत नाही.”