डावा डोळा झाका

कारंज्याला महिन्यातून एकदा आरटीओचा कॅम्प लागायचा. वर्ध्याचं ऑफिसच जणू पेटीत भरून रेस्ट हाऊसच्या आवारात उतरायचं. टेबल, शिक्के, कारकून आणि इन्स्पेक्टर साहेब. नलू छोट्या लेकीला, माणिकला, कडेवर घेऊन कडुनिंबाखाली उभी होती. रांगेत तिचा नवरा, रूपराव. सकाळपासून तिचं देवापाशी एकच मागणं होतं, हा आज नापास व्हावा.

बायकोनं असं मागावं का? पण तिचा इलाज नव्हता. मागच्या उन्हाळ्यात कापसाची वाळली पऱ्हाटी उपटताना काडी रूपरावच्या उजव्या डोळ्यात गेली. जखम भरली, वरून डोळा बरा दिसायला लागला, नजर मात्र परतली नाही. हे त्याला माहीत होतं आणि नलूला. सासूबाईंना नाही. ज्यांनी कर्ज काढून जुनी जीप घेतली त्या थोरल्या दिरांना, वासुदेवरावांना, तर नाहीच.

"कोणाले सांगजो नको," एवढंच तो म्हणाला होता.

नलूनं सांगितलं नाही. नुसती बघत राहिली. उजवीकडून ताट सरकवलं की तो दचकायचा. परवा अंगणात जीप वळवताना माणिक त्याच बाजूला मातीत खेळत होती. नलू किंचाळली म्हणून चाक थांबलं.

"दिसली होती मले," तो म्हणाला. आणि उद्यापासून ही जीप आर्वीच्या सवाऱ्या नेणार होती.

गाडी चालवून दाखवताना तो कुठंही चुकला नाही. मोकळ्या मैदानात एका डोळ्यावर निभावून जायचं. त्याला शिकवणारा तानबा ड्रायव्हर खुशीत येऊन म्हणाला, "मंग! चेला कोणाचा हाये?"

मग साहेबांनी सगळ्यांना विचारलं तसंच त्यालाही विचारलं. हमरस्त्यावरच्या ढाब्यापुढे नुकतंच एक वाहन येऊन थांबलं होतं. साहेब म्हणाले, "डावा डोळा झाका. तो नंबर वाचा."

रूपरावनं तळहात डोळ्यावर ठेवला. आता कळेल. आता सुटलो आपण, नलूच्या मनात आलं.

तो गप्प.

"वाचा की."

तो गप्पच. रांगेत कुणीतरी खुसखुसलं. "अबे, शाळेत गेलता का गुरं वळाले?" सगळे हसले.

साहेबांनी चष्म्यावरून पाहिलं. "अंक येत नाहीत का?"

रूपराव मॅट्रिक पास होता. गावात पत्र आलं की लोक वाचून घ्यायला त्याच्याकडे यायचे. तरी तो मान खाली घालून उभा राहिला आणि लोकांना हसू दिलं.

"बाई, तुम्ही यांच्या घरच्या ना? यांना लिहिता-वाचता येतं का?"

सगळ्यांच्या माना तिच्याकडे वळल्या. एक वाक्य पुरलं असतं. साहेब, यांना दिसत नाही. ते वाक्य तिच्या ओठांवर आलंही. पण रूपरावची ती खाली गेलेली मान तिला बघवेना. घरी हप्त्याची वाट बघणारे दीर आठवले. जीप दारात उभी राहिली तर सगळं घर ज्याच्याकडे बोट दाखवेल, तो हाच.

"नाही येत, साहेब," नलू म्हणाली. "सही तेवढी शिकवली मी."

"असं होय." साहेब रूपरावकडे वळले. "बरं, गाडी कोणती उभी आहे ते तरी सांग."

ढाब्यापुढचं इंजिन अजून घरघरत होतं. रूपरावनं कान दिला. "ट्रक, साहेब."

"मग झालं तर! बाई, अंकसुद्धा शिकवा आता."

शिक्का बसला.

परतताना तानबा ढाब्यावर उतरला. मग रूपराव समोर बघतच म्हणाला, "उजवीकडून काही आलं तर सांगत जाजो."

"आज सांगीन. उद्या?"

त्यानं नुसता हॉर्न वाजवला.

गावात जीप थांबली तशी सासूबाई नारळ घेऊन धावत आल्या. आळीतली पोरं भराभर मागं चढली. सासूबाईंनी माणिकला नलूच्या हातातून घेतलं आणि पोरांमध्ये बसवलं.

"एक चक्कर मारून आण रे सगळ्याईले!"

"माणिक नको," नलू म्हणाली. "तिला उतरवा, आई."

"काऊन? बाप चालवून राह्यला ना? लायसन भेटलं ना त्याले?"

नलूनं रूपरावकडे पाहिलं. त्यानं तिच्याकडे पाहिलं नाही. काय सांगणार होती ती? साहेबांपुढं जे झाकलं, ते आता उघडं करायचं? आळीसमोर?

जीप निघाली. नलू पदर खोचून तिच्या उजव्या अंगाला धावायला लागली, आणि मागची पोरं टाळ्या पिटत ओरडली, "मावशी हरली, मावशी हरली!"