तेहेतिसाव्या पानावरचं टिंब

माझ्या पोटात एक प्रेत आहे मित्रांनो, पण घाबरू नका; ते छापखान्यातून निघाल्यापासून तसंच पडलेलं आहे. गुप्तहेर खवले यांच्या मालिकेतली मी सातवी कादंबरी. हलका कागद, भडक मुखपृष्ठ, मुक्काम माणिकपूरचं वाचनालय. तरुणपणी माझा रुबाब असा, की बसमध्ये मला वाचत बसलेले एक गृहस्थ आगाशीला उतरायचे ते अर्नाळ्याला पोचले, आणि गुडघाभर समुद्रात शिरल्यावर त्यांनी मान वर केली. खोटं वाटतं? माझा पुठ्ठा अजून खारट लागतो.

आम्हा बहिणींची तोंडं सारखीच. वाचलेलीच पुन्हा घरी येऊ नये म्हणून जुने सभासद आपापल्या ठरलेल्या पानावर पेन्सिलीने बारीक खूण करतात. नायगावच्या मीराताईंची खूण म्हणजे तेहेतिसाव्या पानाच्या तळाशी एक टिंब; तो त्यांचा शाळेतला हजेरी क्रमांक. माझ्या आधीच्या सहाही बहिणी त्यांनी वाचल्या होत्या. मीच तेवढी सापडत नव्हते.

गेल्या वर्षी सापडले. त्याच महिन्यात त्या दोनदा दूध गॅसवर विसरल्या होत्या. त्यांची आई शेवटी शेवटी पोटच्या मुलीला ‘बाई, तुम्ही कोण?’ असं विचारायची, त्यामुळे ती धास्ती त्यांच्या मनात होतीच. वाचत वाचत त्या तेहेतिसाव्या पानावर आल्या. तळाशी टिंब.

आपण हे वाचलेलं नाही, असं त्यांनी नवऱ्याला, जयवंतरावांना, तीनदा सांगितलं. ते हसले. “मग सांग बघू, खून कोणी केला?”

“कंपाउंडरने,” मीराताई थोडा विचार करून म्हणाल्या. “बाटली डाव्या हाताने उघडली ना त्याने, अकराव्या पानावर.”

माझा ऊर भरून आला. इतक्या वर्षांत मला तेहेतीस पानांत कोणी पकडलं नव्हतं. जयवंतरावांनी शेवटचं पान उघडलं आणि त्यांचं हसू मावळलं.

“अगं, बरोबर आहे. वाचलंयस तू हे. विसरलीस.”

मीराताईंनी मला मिटलं. त्यानंतर उघडलं नाही.

जयवंतराव मला परत द्यायला आले, तेव्हा निवृत्त शिक्षिका फेलिशियाबाई तिथेच उभ्या होत्या. त्यांनी मला चाळलं आणि परत ठेवलं. वाचलंय म्हणाल्या, हे बघा माझं टिंब. तेहेतीस म्हणजे प्रभू क्रुसावर गेले तेव्हाचं त्यांचं वय. जयवंतरावांनी पुन्हा पुन्हा विचारलं, तशा त्या चिडल्या. “ओ जयवंतराव, तीस वर्षं टिंबं देते मी. माझंच टिंब मला कळणार नाही?”

आता हे मला घरी नेतील, असं मला वाटलं. ते माझ्याकडे बघत राहिले. मग स्वतःशीच पुटपुटले, आता कुठे जुनं उकरून काढायचं, आणि त्यांनी मला कपाटात सरकवलं. कबुलीला एक वाक्य पुरलं असतं. माझ्यातला कंपाउंडरसुद्धा शेवटी तेवढं बोलतो.

दिवाळीनंतर ते मीराताईंचं सभासदत्व बंद करायला आले. का, असं ग्रंथपालांनी विचारलं. “तिच्या काही लक्षात राहत नाही हल्ली,” ते म्हणाले. “काय काय विसरली असेल, ते वहीत लिहीत बसते.”

मित्रांनो, माझी पानं खुशाल दुमडा, माझ्यावर चहा सांडा. पण चूक आपली निघाली, तर त्याच दिवशी घरी जाऊन सांगा. त्या वहीची पानं अजून भरताहेत.