मुठीतली क्लिप

माझ्या खुर्चीत बसलं की बायका बोलतात. मी विचारत नाही, त्याच सांगतात. गळ्याभोवती कापड बांधलं, केस ओले केले, मान जरा पुढे घेतली की कुणाची सासू, कुणाचा साहेब, कुणाच्या नवऱ्याचं घोरणं, सगळं बाहेर पडतं. समोर आरसा असतो, मी पाठीमागे असते, आणि माणूस आरशात बघून जे बोलतो ते समोरासमोर बोलत नाही. गल्लीतली सगळी गुपितं तुझ्या दुकानात केसांबरोबर झाडली जातात, असं माझा नवरा म्हणतो. आणि माझी पोटची पोर, जी याच दुकानाच्या मागच्या खोलीत, म्हणजे आमच्या घरातच, रांगायला शिकली, ती शाळेतल्या एका परक्या बाईपुढे दर गुरुवारी तासभर मन मोकळं करते. पिकतं तिथे विकत नाही म्हणतात ना, ते हे.

हेवा वाटतो मला त्या बाईचा. उगाच काळजी वगैरे नाव कशाला द्यायचं? हेवाच.

पोरीला आम्ही मुंगी म्हणतो. लहानपणी सारखी काहीतरी ओढून न्यायची, कधी बटण, कधी शाम्पूची रिकामी बाटली. यंदा ती नववीत. सहामाहीच्या गणिताच्या पेपराला तिला श्वासच घेता येईना. कोरा पेपर बाकावर टाकून ती उठली आणि स्वच्छतागृहात कडी लावून बसली. शाळेचा फोन आला तेव्हा मी एकीच्या केसांना रंग लावत होते. तशीच धावले. जाऊन बघते तर मुंगी समुपदेशक मॅडमच्या खोलीत बसलेली. दार अर्धवट उघडं होतं, मी हातमोजे न काढता दारात उभी, आणि आतून तिचा आवाज येत होता. रडत नव्हती. बोलत होती, भराभर, एका दमात, लहानपणी शाळेतून आल्यावर दप्तर न काढता बोलायची तशी. तो आवाज मी कित्येक महिन्यांत ऐकला नव्हता. मग तिने मला पाहिलं आणि ती गप्प झाली. तेव्हा जे माझ्या पोटात दुखायला लागलं ते अजून थांबलेलं नाही.

मुंगीला फरक पडला, हे मी नाकारत नाही. दोन घास जास्त खायला लागली, झोपायला लागली. पण येता जाता आपलं 'मॅडम म्हणतात'. मॅडम म्हणतात, भीती आली की पाय जमिनीला टेकवून बसायचं. मॅडम म्हणतात, सगळं आजच सुटलं पाहिजे असं नाही. अगं, मी तरी वेगळं काय म्हणत होते? फक्त जरा ओरडून म्हणत होते. गुरुवारी घरी आली की मी विचारायची, काय बोललात आज. काही नाही, म्हणायची. तासभर काही नाही? तर एकदा म्हणाली, "आई, ते आमच्यातलं आहे." आमच्यातलं! मी वाढलेलं ताट तसंच ठेवून उठले आणि उगाचच ओटा पुसत बसले. नवऱ्याला सांगितलं तर तो म्हणाला, कुणाशी तरी बोलतेय ना, झालं तर मग. पुरुषांना सगळं झालं तर मग असतं.

मला तिने एकच गोष्ट सांगितली होती, आणि तीसुद्धा पकडली गेली म्हणून. केसांचे भाग पाडून धरायला आमच्याकडे स्टीलच्या लांब क्लिपा असतात, बदकाच्या चोचीसारख्या. ट्रेमधली एक क्लिप अधूनमधून गायब व्हायची. मी मदतनीस मुलीवर आवाज चढवला, तेव्हा मुंगीने येऊन मूठ उघडली. तळव्यावर क्लिपच्या दातांची लाल खूण उमटलेली. म्हणाली, पेपर लिहिताना डाव्या मुठीत धरते, क्लिपला तुझ्या दुकानाचा वास येतो. मी म्हटलं, बरं, ने, पण आठवणीने परत आण. आणि मनात म्हटलं, एवढंच? त्या बाईला अख्खं ताट, आणि आईच्या वाटणीला एक क्लिप.

आणि एक दिवस ती बाईच माझ्या दुकानात आली. आपणहून. केस कापायचे होते, दोन बोटं, खालून सरळ. मला वाटलं, आता सापडलीस. इथे माझं राज्य आहे. मी पाणी कोमट केलं, कपाळाच्या कडेने हलक्या हाताने डोकं चोळलं, ज्याने भल्या भल्या बायका विरघळतात. मग सहज म्हणावं तसं म्हटलं, हल्लीची मुलं घरी काही सांगतच नाहीत. ती म्हणाली, हो का. मी म्हटलं, आमची तर अगदीच मुकी. ती म्हणाली, पाणी छान आहे. पुढे मी शाळेवरून फिरले, परीक्षेवरून फिरले, माझ्या स्वतःच्या लहानपणावरूनही फिरले. ताकास तूर लागू दिली नाही बाईने. डोळे मिटून बसली होती, आणि तिला झोप लागायला आली होती. माझा असा काही तिळपापड झाला की दोन बोटं सांगितलेले केस मी तीन बोटं कापले. आरशात बघून ती म्हणाली, मान मोकळी झाली, बरं वाटतंय. पैसे दिले, आभार मानले आणि गेली.

त्याच दुपारी पोस्टातल्या वहिनी आल्या. त्या काउंटरवर बसतात आणि माझ्याकडे केसांची पांढरी मुळं रंगवायला येतात. त्यांचा मुलगा मुंगीच्याच वर्गात. आमच्या धंद्यात बोलण्याची एक रीत आहे: आधी आपण थोडं वाढायचं, मग समोरची वाढते. नाव कुणाचंही घ्यायचं नाही, एवढा नियम मी आजवर पाळला. घरीसुद्धा जेवताना मी गिऱ्हाइकांच्या गोष्टी रंगवून सांगते, पण नाव नाही. त्या दिवशी मात्र माझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या होत्या. समुपदेशक मॅडम कशा तोंड शिवून बसल्या हे सांगता सांगता मी म्हटलं, आई आहे मी, मला नाही का कळत? पोरगी पेपराला मुठीत माझ्या दुकानाची क्लिप धरून बसते, त्याशिवाय तिला श्वास घेता येत नाही, आणि ही बाई मला शिकवणार? वहिनी हळहळल्या. मग त्यांनी त्यांच्या जावेचं काहीतरी सांगितलं. मला हलकं वाटलं. रंग छान बसला होता.

पुढच्या आठवड्यात मुंगी मधल्या सुट्टीतच घरी आली. दप्तर टाकलं आणि मागच्या खोलीत जाऊन भिंतीकडे तोंड करून आडवी झाली. गुरुवारी मॅडमकडेही गेली नाही. शाळेत जायचंच नाही म्हणाली, परीक्षाही द्यायची नाही. जेवणाचं पुन्हा तेच, दोन घास चिवडायचे आणि उठायचं. शेवटी वर्गातल्या एका मैत्रिणीने दुकानाच्या दारात उभं राहून मला सांगितलं: मुंगीच्या बाकावर मुलांनी केसांच्या क्लिपा मांडून ठेवल्या होत्या. ती वर्गात आली तसे सगळे छातीवर हात ठेवून धापा टाकायला लागले.

मी ऐकलं आणि खरं सांगते, रागाच्या आत मला आनंद झाला. म्हटलं, फुटलं का भांडं तुमचं! तोंड शिवलेली बाई शेवटी बोललीच कुणाजवळ तरी. दुकान मदतनीस मुलीवर सोपवून मी तडक शाळेत गेले.

खोली मी पहिल्यांदाच नीट पाहिली. लहानशी, एक खिडकी, दोन खुर्च्या. खुर्च्या समोरासमोर नव्हत्या, दोन्हींची तोंडं खिडकीकडे. म्हणजे हिलाही ते ठाऊक होतं तर, समोर बघून कुणी बोलत नाही. त्याचाही मला राग आला. मॅडम उठून उभ्या राहिल्या. मी कापलेले केस तिला शोभत होते. मी बसले नाही. म्हटलं, विश्वासाने बोलते पोरगी तुमच्याशी आणि तुम्ही तिचं गुपित वर्गभर करता? क्लिपचं तुम्हीच सांगितलंत.

"कुठली क्लिप?" मॅडम म्हणाल्या.

पेपराला मुठीत धरते ती, मी म्हटलं. आणि म्हणता म्हणता तिच्या चेहऱ्याकडे बघितलं. चेहरे बघण्यात माझा जन्म गेलाय. घरी रंग लावून केस बिघडवले आणि मी काहीच केलं नाही म्हणणारी बाई मी दारातच ओळखते. ही खोटं बोलत नव्हती. तिला क्लिपचं माहीतच नव्हतं.

एक क्षण, अगदी एक क्षण, मी जिंकले. हिला माहीत नाही. इतके गुरुवार झाले, आणि हे हिला माहीत नाही, मला माहीत आहे. माझी पोर काहीतरी फक्त माझ्यासाठी ठेवून होती. आणि मग पोस्टातल्या वहिनींचा मुलगा आठवला; हे फक्त मला माहीत होतं तर वर्गात सांगणारंही दुसरं कुणी नव्हतं. चोराच्या उलट्या बोंबा मारत मी इथवर आले होते.

मी खुर्चीत बसले. खिडकीकडे तोंड करून म्हटलं, मीच बोलले, दुकानात, रागाच्या भरात. मॅडम मला रागावली असती तर बरं वाटलं असतं. ती रागावली नाही. वर्गातल्या मुलांशी उद्याच बोलते म्हणाली, आणि मुंगीला पेपर वेगळ्या खोलीत बसून लिहिता येईल, जास्तीचा वेळही मिळेल, ते शाळेने ठरवलंच आहे. ती फक्त आली पाहिजे. मी निघताना म्हणाली, "कुणी सांगितलं हे मी तिला सांगणार नाही. ते तुम्ही सांगा."

घरी आले. मुंगी मागच्या खोलीत टॉवेलांच्या गठ्ठ्याला टेकून बसली होती. मी दारातच सांगून टाकलं, नाहीतर धीर सुटला असता.

"माहीत आहे," ती म्हणाली. "क्लिपचं तुलाच सांगितलं होतं ना."

खरं तर तेव्हा मी क्षमा मागायला हवी होती. मागितलीही, पण नंतर. आधी माझ्या तोंडून जे बाहेर पडलं ते असं: "मॅडमना का नाही सांगितलंस गं?"

तिने मान वर करून माझ्याकडे बघितलं. माझ्या डोळ्यांत तिला काय दिसलं कुणास ठाऊक. "तिथे मी भीतीचं सांगते, आई," ती म्हणाली. "हे भीतीचं नव्हतं. हे तुझं होतं."

मी खाली बसले. तीच पुढे म्हणाली, "तू जेवताना बायकांच्या गोष्टी सांगतेस ना, नाव न घेता. आम्ही हसतो. मला त्यात यायचं नव्हतं. म्हणून बाकीचं तुला सांगत नव्हते." तिच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर मी भांडले असते, भांडण मला जमतं.

दोन दिवसांनी मॅडमचा फोन आला, माझ्याच मोबाइलवर. मुंगीशी बोलू का, असं विचारलं. मी फोन मुंगीच्या हातात दिला. ती घेईल असं वाटत नव्हतं, पण तिने घेतला. दुकानात गिऱ्हाईक नव्हतं. आत थांबले असते तर कान तिकडेच लागले असते, मी मला ओळखते. म्हणून बाहेर आले आणि शटर ओढून घेतलं. शेजारच्या चपलांच्या दुकानदाराने विचारलं, आज भर दुपारी बंद? मी म्हटलं, हो. आतून मुंगीचा आवाज येत होता, शब्द कळत नव्हते. भराभर, एका दमात, तसाच. मी रस्त्याकडे तोंड करून उभी राहिले आणि जळत राहिले, पण शटरला हात लावला नाही.

पुढच्या गुरुवारी ती गेली. नंतर शाळेतही जायला लागली, आधी अर्धा दिवस, मग पूर्ण.

वार्षिक परीक्षेच्या पहिल्या दिवशी पोस्टातल्या वहिनी खुर्चीत होत्या. डोक्याला रंग, गळ्याला कापड. आरशातून माझ्याकडे बघत आवाज बारीक करून त्यांनी विचारलं, "काय गं, गेली का पेपराला? आता कसं आहे तिचं?"

"मान खाली घ्या," मी म्हटलं.

त्यांनी घेतली. पुन्हा विचारलं. मी मागच्या केसांचा भाग पाडला आणि क्लिप घ्यायला ट्रेकडे हात नेला. सकाळी मुंगी निघाली तेव्हा मी मुद्दाम मागच्या खोलीत काम काढलं होतं, ट्रे बाहेर पुढेच ठेवून. आता बघितलं तर क्लिपा सगळ्या जागच्या जागी होत्या. एकही कमी नव्हती.

पेपर लिहिताना आता ती डाव्या मुठीत काय धरते, मला माहीत नाही. त्या बाईला कदाचित माहीत असेल. मी विचारलेलं नाही.