पडद्यांचं माप

घरमालकीण काकू कापड घेऊन स्वतः जिना चढून आल्या, तेव्हा शिवणारीचा जीव भांड्यात पडला. भाडं थकल्यापासून काकू जिन्यात दिसल्या की तोंड फिरवायच्या.

"भाच्याचं लग्न ठरलंय गं. त्याच्या खोलीला पडदे शिव. शिलाई भाड्यात वळती करू. आणि हे माप." त्यांनी गाठी मारलेल्या दोऱ्या हातात ठेवल्या. एक रुंदीची, एक डाव्या अंगाची, एक उजव्या.

ज्याला घालवायचं त्याला कुणी काम देतं का? भोळं मन ते! तिनं देवाला हात जोडले, खडखड खाली जाऊ नये म्हणून मशीनखाली जुन्या चादरीची घडी सरकवली आणि कात्री उचलली.

उजवी दोरी चार बोटं आखूड निघाली. "काकूंचा हात हलला असणार," ती स्वतःशीच हसली. "नव्या नवरीच्या खोलीत लंगडा पडदा शोभेल का?" तिनं दोन्ही पडदे लांब दोरीवर बेतले.

शिवून झाल्यावर कापड कसं पडतं ते बघायला तिनं पडदे आपल्याच खिडकीला लावले. रुंदी नेमकी. डावा खिडकीच्या कट्ट्याला अलगद टेकला. उजवा मात्र चार बोटं कट्ट्यावर लोळला. भिंत खचल्यापासून कट्टा त्या अंगाला वर उचललेला. दर थंडीत तिथल्या फटीत चिंध्या कोंबणारी हीच.

तिनं आखूड दोरी तिथं धरली. गाठ बरोबर कट्ट्यावर येऊन बसली.

"काकूंनी पण अश्शीच धरली होती," कोपऱ्यात चिंध्यांशी खेळणारी लेक म्हणाली. "तू माल द्यायला गेलेलीस ना, तेव्हा. बरोबर एक दादा होता. पलंग कुठं मावेल विचारत होता."

"आणि तू मला सांगितलं नाहीस, बये?"

"काकू म्हणाल्या, आईची गंमत करायचीय."

जिन्यात पावलं वाजली. काकू दारात उभ्या राहिल्या, थेट खिडकीकडे बघत.

"काकू, भाच्याची खोली कुठली हो?"

काकूंनी पुढे होऊन पडद्यावरून हात फिरवला. "उजवा तेवढा आखूड कर," आवाज लोण्यासारखा मऊ. "आणि काढू नकोस. राहू देत तिथंच."

उंबऱ्यावर त्या वळल्या.

"मशीन जड असेल ना गं? उतरवायला माणूस मी देईन हो."